नेव्हिल ब्लोरने जिंकलेला डाव

इंग्लंडातल्या टनस्टॉल गावचं ओटकेकचं, म्हणजे ओटच्या पिठाच्या पोळ्यांचं, सगळ्यात चांगलं दुकान नेव्हिल ब्लोरच्या घरापासून हाकेच्या अंतरावर होतं. रविवारी सकाळी तव्यावर पोळी पडली की तिचा वास थेट त्याच्या खिडकीत यायचा. तरीही हा गृहस्थ कोट चढवायचा, टोपी घालायचा, उतारावरून पार खालच्या रस्त्यापर्यंत जायचा आणि तिथल्या दुसऱ्या दुकानातून कडा करपलेल्या, चिवट पोळ्या घेऊन धापा टाकत परत यायचा. वर्षानुवर्षं हाच क्रम. कारण विचाराल तर एवढंच, की जवळच्या दुकानदाराने भिंतीवर डेरेक टॅम्सचा फोटो लावला होता, आणि चीज, बेकन, मशरूम असं सगळं ठासून भरलेल्या पोळीला ‘भट्टी’ हे नाव ठेवलं होतं.

भट्टी म्हणजे डेरेक टॅम्सच. डार्ट, म्हणजे भिंतीवरच्या गोल बोर्डावर छोटे बाण फेकायचा खेळ, खेळून पोट भरणाऱ्यांना टीव्हीवर असं एखादं टोपणनाव लागतंच, त्याशिवाय त्यांना कुणी मंचावर चढू देत नाही. कुणी वाघ होतो, कुणी वादळ होतं. डेरेक भट्टी झाला. बाह्यांवर ज्वाळा छापलेला शर्ट घालून तो लोकांच्या गर्दीतून मंचाकडे निघाला की मागून लाल धूर सोडायचे आणि निवेदक ओरडायचा, कुंभारकामाच्या गावचा भट्टीवाला आला हो! तो टीव्हीवर दिसला की नेव्हिलच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. कारण टीव्हीवर यायच्या आधी डेरेक पावाची गाडी हाकत होता. त्याने भट्टीच्या दारात कधी पाऊलसुद्धा टाकलं नव्हतं. फरशांच्या कारखान्यात भट्टीवर उभं आयुष्य घालवलं ते नेव्हिलने. भुवया जळल्या त्या नेव्हिलच्या. आणि नाव मिरवायला मात्र डेरेक!

“पोळी खायची का फोटो खायचाय तुला?” त्याची बायको ग्लेनिस विचारायची. ती आपली जवळच्या दुकानात जाऊन तिथेच उभ्याउभ्या एक भट्टी खाऊन यायची, आणि नेव्हिलला तिच्या तोंडाच्या वासावरून ते कळायचं.

आता हा मत्सर उगाच नव्हता, हे आधी सांगितलं पाहिजे. काही माणसं दुसऱ्याचं चांगलं झालेलं दिसलं की नुसती सवय म्हणून जळतात. नेव्हिल तसा नव्हता. शेजाऱ्याने नवी गाडी घेतली की तो स्वतः जाऊन बॉनेट उघडून कौतुक करायचा. भावाला लॉटरी लागली तेव्हा मनापासून हसला होता. त्याचा सगळा जळफळाट एकाच माणसासाठी राखून ठेवलेला होता.

तरुणपणी हे दोघं जोडीने खेळायचे. वर्किंग मेन्स क्लबाच्या, म्हणजे गावातल्या कामगारांच्या क्लबाच्या, शुक्रवारच्या संघात नेव्हिल आणि डेरेक ही जोडी म्हणजे समोरच्या संघाला घाम. त्यातही चांगला होता तो नेव्हिल. हे नेव्हिल म्हणतो म्हणून नाही, त्या काळी क्लबात बसणारं कुणीही सांगेल. डेरेक आला तेव्हा बाण असा फेकायचा की जणू मांजराला चप्पल मारतोय. नेव्हिलने त्याला पाय कसा ठेवायचा ते शिकवलं, कोपर कसं स्थिर धरायचं ते शिकवलं, आणि शेवटी करंगळी शिकवली. बाण सुटताना करंगळी किंचित वर उचलायची, म्हणजे हात आपोआप सरळ जातो. ही युक्ती नेव्हिलची स्वतःची होती, ती त्याला भट्टीच्या झडपेचा दांडा ओढताना सुचली होती. पुढे टीव्हीवरचे जाणकार त्या करंगळीवर अर्धा अर्धा तास बोलले. तिला टॅम्सची करंगळी म्हणायला लागले. नेव्हिल आवाज बंद करून सामने बघायचा, त्याचं एक कारण हे.

मग ते घडलं. राष्ट्रीय जोड्यांच्या स्पर्धेत दोघं उपांत्य फेरीपर्यंत पोहोचले होते. जिंकले असते तर लंडनला, आणि लंडनला जे खेळले त्यांना त्या वर्षी पैसे देऊन खेळवणारी माणसं बघायला येणार होती. नेव्हिल रेघेवर उभा राहिला, हात मागे नेला, पुढे आणला, आणि बाण सुटलाच नाही. बोटं उघडेचनात. पुन्हा हात मागे, पुन्हा पुढे, पुन्हा तेच. सगळा हॉल बघतोय आणि हा माणूस आपल्याच हाताशी भांडतोय. डॉक्टरांनी तपासलं तेव्हा हाताला काही झालेलं नव्हतं. चहाचा कप धरायचा, खिळा ठोकायचा, कुलपाची किल्ली फिरवायचा. फक्त बाण हातात आला की तो हात त्याचा उरायचा नाही.

डार्ट खेळणाऱ्यांना हा रोग माहीत आहे. त्याला नाव आहे, पण खेळाडू ते घेत नाहीत. ‘अडकला’ एवढंच म्हणतात, तेही हळूच. आणि त्यांचा ठाम समज असा, की अडकलेल्याचा हात बघत बसलं तर आपलाही अडकतो. त्यामुळे नेव्हिल रेघेवर उभा राहिला की क्लबातले सगळे एकाएकी आपापल्या ग्लासात बघायला लागायचे. कुणी बुटाची नाडी बांधायचं, कुणी खिडकीकडे वळायचं. माना एकदम फिरायच्या. डेरेक तर खुर्चीच फिरवून बोर्डाकडे पाठ करून बसायचा. एक शब्द बोलला नाही. पुढच्या मोसमात दुसरा जोडीदार घेऊन लंडनला गेला, आणि तिथून पुढे तो मागे वळून बघायला मोकळाच राहिला नाही.

मग त्याचं काय काय झालं, ते सगळं नेव्हिलला तोंडपाठ होतं. पहिला करार, पहिली टीव्हीवरची हार, त्यानंतर दोन-तीन वाईट वर्षं, जेव्हा डेरेक पुन्हा पावाची गाडी हाकायला लागणार अशी बोलवा उठली होती आणि नेव्हिलला रात्री शांत झोप लागायची. मग पुन्हा वर आला. जागतिक स्पर्धेत उपांत्य फेरी, मग अंतिम. चेशायरला घर घेतलं, त्याच्या मागे तळं, तळ्यात बदकं. दुसरं लग्न, दात नवीन, पोट मोठं. ग्लेनिस वर्तमानपत्रातला फोटो बघून म्हणायची, बरा दिसतो अजून. नेव्हिल म्हणायचा, ते दात त्याचे नाहीत.

नेव्हिल काही हात बांधून बसला नव्हता. परसातल्या पत्र्याच्या शेडमध्ये त्याने एक जुना बोर्ड टांगला आणि डाव्या हाताने शिकायला सुरुवात केली. आधी बाण बोर्डाला लागत नसत, शेडला लागत. कुंडी फुटली, ग्लेनिसच्या सायकलचं चाक पंक्चर झालं. पण डावा हात भोळा होता, त्याला उपांत्य फेरी ठाऊक नव्हती. हळूहळू तो शिकला. काही वर्षांनी क्लबाच्या दुसऱ्या संघात नेव्हिल गुरुवारी डाव्या हाताने खेळायला लागला. फार भारी नाही, पण लाज वाटावी असंही नाही. तो आला की आता कुणी मान फिरवत नसे. तरी उजवा हात खिशात ठेवूनच तो रेघेवर उभा राहायचा.

आणि अशातच क्लबाच्या छपराचा प्रश्न निघाला. पाऊस पडला की बिलियर्डच्या टेबलावर बादली ठेवावी लागायची. क्लबाचा सेक्रेटरी लेन ब्रिंडली, ज्याला मायक्रोफोन हातात मिळाला की जेवणाचीही आठवण राहत नाही, त्याने समितीला सांगितलं की डेरेकला बोलावू. आपल्याच गावचा आहे, नाही म्हणणार नाही. रविवारी दुपारी खेळ ठेवू, दहा-बारा सभासद त्याच्याशी एकेक डाव खेळतील, तिकिटं विकून मटणाच्या ताटाची सोडत ठेवू, छप्पर होऊन जाईल. डेरेकने खरोखरच नाही म्हटलं नाही. मानधनही घेतलं नाही. समितीला गहिवरून आलं.

“मी नाही येणार,” नेव्हिलने ग्लेनिसला सांगितलं.

“तुझं नाव घातलंय लेनने. शेवटचा डाव. जुनी जोडी म्हणून.”

नेव्हिल शेडमध्ये गेला आणि बराच वेळ बाहेर आला नाही. पण त्याच्या मनात जे चाललं होतं ते रागाचं नव्हतं. इतकी वर्षं गेली, आणि डेरेकसमोर एकदाही उभं राहता आलं नव्हतं. एक डाव. फक्त एका डावात त्याला हरवायचं, मग वरच्या दुकानात जाऊन त्याच्या फोटोखाली उभं राहून भट्टी खायची. वेडेपणा होता, कारण डाव्या हाताच्या दुसऱ्या संघातल्या म्हाताऱ्याने टीव्हीवरच्या माणसाला हरवणं होत नसतं. पण डार्टच्या एका डावात कधी काय होईल सांगता येत नाही, आणि नेव्हिल त्या कधीवर जीव टांगून बसला. रोज संध्याकाळी शेडमधून टक टक आवाज यायचा. ग्लेनिसने विचारलं, इतकं काय पेटलंय? तो म्हणाला, एकदाच, ग्लेन. खरा जिंकायचाय. एकदाच.

त्या ‘खरा’मध्येच सगळी ग्यानबाची मेख होती. कारण अशा खेळांची एक रीत असते. डार्टमध्ये पाचशे एकपासून गुण वजा करत शून्यावर यायचं असतं, आणि बाहेरून आलेला मोठा खेळाडू डाव पटापट खाली आणतो. पण डाव संपतो तो शेवटच्या बाणावर, आणि तो बोर्डाच्या बाहेरच्या बारीक कड्यात, म्हणजे आकड्याचे दुप्पट गुण देणाऱ्या डबलमध्ये, लागावा लागतो. तिथे आला की पाहुणा थांबतो. दोनतीन फेऱ्या मुद्दाम त्या कड्याच्या तारेबाहेर मारतो. कसं चुकलं बुवा, असा चेहरा करतो. म्हणजे समोरच्या गाववाल्यालाही डबलवर एखादी संधी मिळते. लागलं तर बिचारा आयुष्यभर सांगत फिरतो, मी अमक्याला हरवलं. सगळ्यांना ठाऊक असतं, कुणी बोलत नाही. ती सभ्यता असते. नेव्हिलला त्या सभ्यतेची जितकी भीती वाटत होती तितकी हरण्याची वाटत नव्हती.

रविवार उजाडला. क्लबात पाय ठेवायला जागा नव्हती. गावच्या वर्तमानपत्राचा क्रीडा वार्ताहरही येऊन ग्लास घेऊन खांबाला टेकून उभा होता, कारण पुढच्याच आठवड्यात जागतिक स्पर्धा सुरू होणार होती आणि डेरेकवर बऱ्याच जणांनी पैज लावली होती. डेरेक आला तो ज्वाळांचा शर्ट घालूनच. म्हाताऱ्या बायकांनी त्याचे गाल ओढले. ग्लेनिसलाही त्याने मिठी मारली, आणि नेव्हिलने भिंतीवरच्या आग विझवण्याच्या सूचना वाचून काढल्या.

डाव सुरू झाले. बहुतेक डाव डेरेकने जिंकले. बारमागच्या मुलीला त्याने सोडलं, म्हणजे मुद्दाम जिंकू दिलं, हिरवळीची निगा राखणाऱ्या म्हाताऱ्याला सोडलं, दोघांच्या डोळ्यांत पाणी आलं. नेव्हिल कोपऱ्यातून डोळ्यांत तेल घालून बघत होता. डेरेक दोन बाणांमध्ये फार वेळ घेत होता. बाण बोटांत फिरवायचा, शर्टाला हात पुसायचा, पुन्हा फिरवायचा. टीव्हीवर जाऊन नखरे शिकून आलाय, नेव्हिलला वाटलं. पूर्वी याला पावाची गाडी चालू ठेवून यायची सवय, इतका घाईचा.

शेवटच्या डावाआधी थोडी सुट्टी होती. तळघराच्या जिन्याशी डेरेक एकटा उभा दिसला तसा नेव्हिल त्याच्याकडे गेला. इतक्या वर्षांत ही त्यांची पहिली गाठ. डेरेक हसला, नेव्हिल हसला नाही.

“एक मागायचंय,” नेव्हिल म्हणाला.

“माग की.”

“मला सोडू नकोस. बाकीच्यांना सोडलंस ते ठीक आहे. मला नको. हरलो तर हरलो.”

डेरेकने उजवा हात पँटवर घासला.

“नाही सोडणार,” तो म्हणाला.

“शब्द?”

“शब्द दिला, नेव्ह.”

लेनने मायक्रोफोनवरून नेव्हिलची अशी ओळख करून दिली की जणू तो कबरीतून उठून आला होता. जुनी जोडी, पुन्हा एकदा आमनेसामने! लोकांनी टाळ्या वाजवल्या. नेव्हिलने उजवा हात खिशात घातला आणि डाव सुरू झाला.

डेरेकने सुरुवातच झपाट्याने केली. तीन बाण, तीनही जिथे हवेत तिथे. पुन्हा तीन. नेव्हिलचा डावा हात त्या मानाने बैलगाडीसारखा मागून येत होता. त्याला राग आला नाही, उलट बरं वाटलं. खेळतोय. शब्द पाळतोय. मग हरू दे. पाचव्या की सहाव्या फेरीला डेरेकचे चाळीस उरले, म्हणजे तो वीसच्या डबलवर येऊन थांबला. नेव्हिल अजून कुठल्या कुठे मागे होता.

डेरेकचा पहिला बाण तारेच्या बाहेर गेला. दुसरा त्याहून बाहेर. तिसरा भिंतीवर. लोक हसले, कारण सगळ्यांना रीत ठाऊक. नेव्हिलच्या कानशिलात रक्त चढलं. शब्द दिला होता या माणसाने. इतक्या वर्षांत एक गोष्ट मागितली, फुकटातली, तीही दिली नाही. त्याने आपले तीन बाण अशा तिरीमिरीत मारले की तिन्ही बरोबर बसले. पुढच्या फेरीला डेरेक पुन्हा बाहेर. पुन्हा हशा. पुढच्या फेरीला पुन्हा. मायक्रोफोनमधून लेन म्हणाला, अहो टॅम्स, इतकंही सभ्य असू नये माणसाने. आणि नेव्हिल मागून येत येत बत्तीसवर आला. म्हणजे सोळाचं डबल. त्याचं आवडतं. डेरेकच्या सभ्यतेने त्याच्या ताटात वाढलेलं.

नेव्हिलने ठरवलं, मारायचंच नाही. आपली पाळी आली की बाण टेबलावर ठेवायचे आणि सगळ्यांदेखत म्हणायचं, दान नको मला. रीत अशी असते की समोरच्याने खेळणाऱ्याच्या मागे उभं राहायचं, त्याच्या नजरेत यायचं नाही. पण नेव्हिलला डेरेकचा तो खोटा चेहरा बघायचा होता. म्हणून तो दोन पावलं बाजूला सरकला.

आणि त्याला चेहऱ्याऐवजी हात दिसला.

कोपर मागे आलं, पुढे गेलं. करंगळी वर होती, अगदी जशी शिकवली होती तशी. बोटं उघडली नाहीत. कोपर पुन्हा मागे, पुन्हा पुढे. अंगठ्याचं नख पांढरं पडलं होतं. “कंबर हलव, डेरेक!” मागून कुणीतरी ओरडलं, आणि डेरेकने खरंच कंबर हलवली, लोकांकडे वळून डोळा मारला, आणि सगळा क्लब खदखदून हसला. मग त्याने बाण सोडला, म्हणजे झटकला. तो बोर्डाच्या खाली भिंतीला लागून जमिनीवर पडला. टाळ्या. काय माणूस आहे, कुणीतरी म्हणालं, काय मोठं मन आहे. डेरेकच्या मानेवरून, शर्टाच्या ज्वाळांच्या वरच्या कडेवरून, घामाची धार खाली जात होती.

नेव्हिलला आनंद झाला. खोटं कशाला सांगा, पोटातून उकळ्या फुटल्या. बिछान्यात पडल्यापडल्या त्याने नेमकं हेच मागितलं होतं. डेरेकचा पाय मोडू दे किंवा तो मरू दे असं कधीच नाही, फक्त हे. त्याचा हात अडकू दे. त्याला कळू दे. आणि आता तो अडकला होता, पुढच्या आठवड्यात जागतिक स्पर्धा होती, आणि या भरलेल्या क्लबात ते फक्त एका माणसाला दिसत होतं. बाकीच्यांना सभ्यता दिसत होती.

डेरेक वळला. नेव्हिल कुठे उभा आहे ते त्याने पाहिलं. आणि त्याला समजलं की याला समजलंय. त्याने मान फिरवली नाही. नेव्हिलनेही फिरवली नाही.

मग नेव्हिलची पाळी आली. दान नाही, हे त्याला आता ठाऊक होतं. शब्द पाळला गेला होता. डाव्या हाताने सोडलेला पहिला बाण तारेला लागून उडाला. दुसरा सोळाच्या डबलमध्ये रुतून बसला.

क्लब डोक्यावर घेतला लोकांनी. ग्लेनिस उभी राहून टाळ्या वाजवत होती. लेनने मायक्रोफोन नेव्हिलच्या तोंडासमोर आणला आणि मिश्कील आवाजात विचारलं, “काय ब्लोर, खरा जिंकलास, का सोडलं त्यानं?”

हशा झाला. खांबाला टेकलेल्या वार्ताहराने ग्लास खाली ठेवला होता.

खरा जिंकलो. एवढेच दोन शब्द होते, आणि ते खरे होते. पण नुसत्या तेवढ्यावर कुणी विश्वास ठेवणार नव्हतं. पुढचं सांगावं लागलं असतं, की याच्या हाताकडे बघा. मग सगळ्यांनी ते मागचे बाण आठवले असते, ते भिंतीवरचे, तो जमिनीवरचा, आणि सगळ्या माना एकदम फिरल्या असत्या. संध्याकाळपर्यंत आसपासच्या सगळ्या गावांतल्या क्लबांत बातमी गेली असती. पुढच्या आठवड्यात मंचावर डेरेकच्या समोरचा माणूस मुद्दाम सावकाश खेळला असता, याचा हात आणखी अडकावा म्हणून. डेरेक ज्वाळांच्या शर्टात तसाच उभा होता, उजवा हात मुठीत, आणि नेव्हिलच्या तोंडाकडे बघत होता.

यात मोठेपणा काही नव्हता. नेव्हिलला डेरेकची दया आली असंही नाही, ती त्याला नंतरही आली नाही. त्याला फक्त त्या माना फिरताना पुन्हा बघायच्या नव्हत्या, कुणाच्याही बाबतीत.

“सोडलं की,” तो मायक्रोफोनमध्ये म्हणाला. “नाहीतर माझ्यासारखा डाव्या हाताचा म्हातारा कसला जिंकतोय?”

आणि टाळ्या पडल्या त्या डेरेकला. लोक उठून त्याच्या पाठीवर थापा मारायला धावले. कुणीतरी त्याला बिअर आणून दिली. नेव्हिलच्या वाट्याला लेनने मारलेली खांद्यावरची एक थाप आली. तो बोर्डाजवळ गेला आणि सोळाच्या डबलमधला आपला बाण स्वतःच उपटून घेतला. हेही त्यालाच, त्याच्या मनात आलं. हेही त्यानेच नेलं.

बाहेर गाड्यांच्या आवारात डेरेक त्याची वाट बघत थांबला होता. भली मोठी गाडी, दार उघडं, पण आत बसत नव्हता. सोडत अजून चालू होती, आतून लेनचा आवाज येत होता.

“कधीपासून?” नेव्हिलने विचारलं.

“पानगळीपासून.” डेरेक आपल्या हाताकडे बघत होता. “कधी असतो, कधी नसतो. नेव्ह, जातं का हे?”

नेव्हिलला खोटं बोलता आलं असतं, आणि खरं बोलण्यात जी मजा होती तीही त्याला कळत होती. “उजव्याचं माझं नाही गेलं,” तो म्हणाला.

डेरेकने मान हलवली. माफी त्याने मागितली नाही, आणि मागितली असती तर नेव्हिलला ती कुठे ठेवायची हे कळलं नसतं. “सांगणार नाहीस ना कुणाला?” डेरेकने विचारलं.

“आत सांगितलं का?”

“नाही.”

“मग,” नेव्हिल म्हणाला. “पण एक गोष्ट तोंडाने म्हण. एकदा.”

डेरेकने आवारात इकडेतिकडे पाहिलं. कुणी नव्हतं. “तू जिंकलास,” तो म्हणाला. “खरा.”

इतक्यात ग्लेनिस बाहेर आली. सोडतीतलं मटणाचं ताट तिला लागलं होतं, चॉप, सॉसेज, वर अजमोद्याची काडी, आणि ती आनंदाने फुलून गेली होती. तिने डेरेकच्या गालाचा मुका घेतला, पुढच्या आठवड्यासाठी शुभेच्छा दिल्या. गाडी निघून गेली. दोघं चढणीने घराकडे चालायला लागली. ओटकेकचं दुकान रविवार दुपारचं बंद होतं, पण काचेतून भिंतीवरचा फोटो दिसत होता, नव्या दातांचा, करंगळी वर केलेला.

ग्लेनिस तिथे थांबली. “बघ,” ती म्हणाली. “एवढा नावाजलेला माणूस, पण किती मोठं मन. सगळ्या गावासमोर तुला जिंकू दिलं. आता तरी त्याच्यावर जळायचं सोड, नेव्ह.”

नेव्हिलच्या अंगात डोक्यापासून पायापर्यंत काहीतरी पेटत गेलं. कारखान्यातल्या भट्टीपुढे उभं असतानाही इतकं कधी भाजलं नव्हतं.

“हो,” तो म्हणाला. “मोठ्या मनाचा आहे खरा.”

मग त्याने तिच्या हातातलं ताट घेतलं आणि दोघं घरी गेली.